दोन नावांची चिठ्ठी

गिर्यारोहण मंडळाच्या चिटणीसाला मी बावीस वर्षांत शंभराच्या वर पत्रं लिहिली असतील. उत्तरं आली तीन. पहिल्यात ‘आपले पत्र मिळाले’, दुसऱ्यातही ‘आपले पत्र मिळाले’, आणि तिसऱ्यात ‘कृपया यापुढे पत्रे पाठवू नयेत’. त्याच आठवड्यात मी पुढचं पाठवलं. माझ्या नाकावर राग असतो असं सगळे म्हणतात, म्हणू देत. पाठपिशव्या आणि तंबू शिवायचा कारखाना आहे माझा. सात मशीनं, सात बायका आणि दिवसभर जाड कापडाशी झटापट. तिथे लाडीगोडीनं सुई पुढे जात नाही.

भांडण एका ओळीचं होतं. मंडळाच्या इतिहासाच्या जाडजूड पुस्तकात माझ्या वडिलांच्या नावापुढे छापलंय: ‘चढाईचा दावा. पुरावा नाही.’ बस, एवढंच. माणसानं आयुष्यात एकच मोठी गोष्ट करावी आणि तिच्यापुढे असं लिहिलेलं असावं! वाचणाऱ्याला कळतंच काय म्हणायचंय ते. खोटारडा म्हणायचंय. आणि मंडळाला शंभर वर्षं होताहेत म्हणून यंदा ते पुस्तक नव्यानं छापणार होते, म्हणजे खोटारडेपणावर पुन्हा शिक्का.

झालं होतं ते असं. बेचाळीस वर्षांपूर्वी बाबा आणि त्यांचा जिवाभावाचा मित्र एका शिखरावर गेले. नकाशात त्याला भारदस्त नाव आहे, पण मंडळात सगळे त्याला ‘म्हातारी’च म्हणतात, कारण डोकं बाराही महिने पांढरं. तोवर म्हातारीच्या डोक्यावर कुणी उभं राहिलं नव्हतं. बाबा खाली आले ते एकटे. म्हणाले, आम्ही दोघंही माथ्यावर पोचलो, उतरताना तो पडला. मित्र दुसऱ्या दिवशी खालच्या बर्फात सापडला. आमच्या समोरच्याच दारात राहायचा तो, मला खांद्यावर घेऊन जिने चढायचा. मी त्याला काकाच म्हणायचे. तेव्हा मी आठ वर्षांची होते.

पण तळावर मोहिमेचा डॉक्टर दिवसभर दुर्बिणीला डोळा लावून बसला होता, आणि त्यानं वहीत लिहून ठेवलं की एक वाजून वीस मिनिटांनी वरच्या धारेवर एक ठिपका दिसला. एक. दोन नाही. शिवाय काकांच्या एका बुटाला काटे नव्हते. हे काटे म्हणजे बुटाच्या तळाला पट्ट्यानं बांधायची लोखंडी चौकट, कडक बर्फात पाय रुतावा म्हणून. बाबा म्हणाले, उतरताना तुटले. डॉक्टर म्हणाला, कशावरून? एका पायाच्या काट्यांवर त्या बर्फावर मांजरसुद्धा जाणार नाही. दोघं पोचले हे खोटं, म्हणजे मग सगळंच खोटं. अकरा वर्षांनी दुसरे कुणी म्हातारीवर गेले, त्यांना माथ्यावर काही सापडलं नाही, आणि पहिलेपणाचा मान त्यांच्या गळ्यात पडला.

सापडायला हवी होती ती एक डबी. मंडळाचा पहिल्यापासूनचा रिवाज आहे. वर जाणाऱ्यानं एक छापील चिठ्ठी न्यायची. तिच्यावर नावं, तारीख, ‘पोचलो’ आणि ‘निघालो’ अशा दोन वेळा. नावं आदल्या संध्याकाळी तंबूतच लिहून ठेवायची, कारण वर बोटं पेन्सिल धरायला राजी नसतात. वर फक्त वेळा भरायच्या, चिठ्ठी पत्र्याच्या डबीत घालायची आणि डबी दगडांत ठेवायची. पुढे जो येईल त्यानं आपली डबी तिथे ठेवायची आणि आधीची खाली आणायची. म्हणजे आपला पुरावा आणणार कोण, तर आपल्या मागून येणारा. आणि डबी वर उघडायची नाही. पूर्वी एकदा कुणीतरी हावरटासारखी उघडली आणि वाऱ्यानं कागद नेला. त्या दोन घराण्यांत अजून बोलणं नाही. तेव्हापासून डबी मंडळाच्या टेबलावर सगळ्यांसमोर उघडतात.

डबी कुठे असं विचारल्यावर बाबांनी पहिल्याच दिवशी सांगितलं होतं की माथा म्हणजे नुसती बर्फाची पुढे आलेली वळचण होती, तिच्यावर डबी ठेवली असती तर आमच्यासकट दरीत गेली असती. म्हणून मागच्या अंगाला वीस पावलं खाली काळा खडक आहे, त्याच्या बेचक्यात ठेवली. कुणी ऐकलं? छे! जो तो म्हणायचा तिथे खडकच नाही, बर्फच आहे.

आणि हे सगळं ठरवणारा चिटणीस कोण, तर काकांचा सख्खा धाकटा भाऊ. आता सहासष्ट वर्षांचा. आयुष्यभर नोंदणी कचेरीत जन्ममृत्यू लिहिले, आणि गेली पंचवीस वर्षं संध्याकाळी मंडळाच्या नोंदवहीवर येऊन बसतो. अक्षर असं की छापल्यासारखं. माणूस असा की दारात दिसला तरी माझ्या तळपायाची आग मस्तकात जायची. सख्ख्या भावालासुद्धा मान द्यायला तयार नाही! बाबांचं खोटं ठरवायचं म्हणून स्वतःच्या मेलेल्या भावाची चढाईही खोटी ठरवून बसला. मी एका पत्रात हे त्याच्या तोंडावर मारलं होतं. त्याला उत्तर आलं नाही.

तसं बघितलं तर डोंगर चढण्याचा इतिहास म्हणजे भांडणांचाच इतिहास. मंडळाच्या जिन्यात फोटो लावलेत ओळीनं. खिळे ठोकलेले बूट, तागाचे दोर, मिशांना लटकलेलं बर्फ. कुणी वर जाऊन चहाचं भांडं उकळत ठेवलं, कारण पाणी किती उष्णतेला उकळतं त्यावरून उंची काढायचे तेव्हा. मग दुसरा म्हणाला तुझं भांडंच खोटं. कुणी धुक्यात शेजारच्या बुटक्या शिखरावर चढून झेंडा लावला आणि मरेपर्यंत कबूल झालं नाही. आणि ओझी वाहून नेणारे, दोर बांधणारे, पायऱ्या खोदणारे फोटोच्या कडेला अर्धे कापलेले. त्यांचं तर नावही नाही. मी तो जिना चढताना दर वेळी मनात म्हणायचे, एवढ्या सगळ्यांना जागा आहे, माझ्याच बापाला नाही.

मग परवा मला फोन आला. दातांची डॉक्टर आहे एक, माझ्याकडनं पाठपिशवी शिवून घेते. यंदा ती आणि तिच्या दोघी मैत्रिणी म्हातारीवर गेल्या होत्या. यंदा बर्फ कधी नव्हे इतकं कमी.

“ताई,” ती म्हणाली, “काळा खडक आहे.”

मी मशीनवरचा हात काढला.

“आणि बेचक्यात डबी आहे. मी आणलीय. उघडली नाही. शनिवारी दुपारी मंडळात उघडणार आहेत. बाबांना घेऊन या.”

मी काय केलं विचारू नका. सातही मशीनं बंद केली, बायकांना घरी जा म्हटलं, मोठी कात्री बडवून बडवून हसले. बायकांना वाटलं हिचं डोकं फिरलं. फिरलंच होतं! बावीस वर्षं दात ओठ खात काढलेली बाई मी. चिटणीसाला आता सगळ्यांसमोर नाक घासायला लावीन, असं मी त्या बायकांना सांगितलं, आणि काय काय बोलणार तेही म्हणून दाखवलं.

बाबा खिडकीपाशी बसले होते. एक्याऐंशीचे आहेत. सगळी नोकरी नकाशे काढण्यात गेली, म्हणजे मोजणीवाले डोंगरांतून आकडे आणायचे आणि बाबा टेबलाशी बसून त्यांच्या रेघा करायचे. अजून हातात भिंग असतं. मी दारातूनच ओरडले, “बाबा, डबी सापडली!”

त्यांनी भिंग खाली ठेवलं. “उघडली का?”

“नाही. शनिवारी.”

“मग राहू दे ना आता,” ते म्हणाले. “एवढी वर्षं गेली. कशाला?”

“राहू दे? राहू दे म्हणता?” मी इतकी चिडले की पाण्याचा पेला तसाच खाली आपटला. “मी त्या माणसाच्या डोक्यावर बावीस वर्षं मिरी वाटतेय ती कुणासाठी? माझ्यासाठी?”

ते म्हणाले खोकला आहे. मग म्हणाले गुडघा दुखतो. मग म्हणाले चिठ्ठी खराब झाली असेल, वाचता यायची नाही. मला वाटलं म्हातारपण आहे, धीर सुटलाय, इतक्या वर्षांनी चांगलं काही होतंय यावर विश्वास बसत नाही. शनिवारी मी त्यांना इस्त्रीचा सदरा घातला, गाडीत बसवलं आणि मंडळाचे दोन जिने हाताला धरून चढवले. प्रत्येक वळणावर ते थांबायचे. मी म्हणायचे, “चला, आलंच.”

खोलीत पंचवीसेक माणसं होती. लांब टेबल, त्याच्या टोकाला हिरव्या कापडी पुठ्ठ्याची नोंदवही, आणि तिच्यामागे तो. टेबलाच्या मधोमध पांढऱ्या फडक्यावर ती डबी. माझ्या मुठीएवढीच होती, गंजून तांबडी झालेली. मला वाटलं होतं मोठी असेल.

“या,” चिटणीस बाबांकडे न बघता म्हणाला. “खुर्ची द्या त्यांना.”

“खुर्ची बेचाळीस वर्षांपूर्वी द्यायची होती,” मी म्हणाले.

“बाई, तुम्ही शांत बसलात तर कामाला सुरुवात करता येईल.”

“बसते की. आज मला बोलायची गरजच नाही. आज डबीच बोलेल.” कुणीतरी हसलं. मला बरं वाटलं.

झाकण निघेना. तिघांनी नखं मोडून घेतली. शेवटी दातांच्या डॉक्टरनं पर्समधून आपलं एक बारीक आकड्याचं हत्यार काढलं, कडेनं गंज खरवडला आणि दात उपटावा तसं झाकण उचललं. आत मेणकापड, मेणकापडाच्या घडीत चिठ्ठी. पिवळी पडली होती, पण अख्खी. ती तिनं दोन चिमट्यांनी उलगडली आणि मोठ्यानं वाचायला लागली. तारीख वाचली. बाबांचं नाव वाचलं. मग थांबली.

“वाच ना,” मी म्हणाले.

“खाली दुसरं नाव आहे,” ती म्हणाली. “पण ते खोडलंय.”

मी उठून टेबलाशी गेले. बाबांचं अक्षर मी कुठेही ओळखीन, नकाशावर गावांची नावं लिहायचे तसं सरळ, सुटं. वर त्यांचं नाव. त्याच्याखाली त्याच अक्षरात काकांचं, आणि त्याच्यावरून एकच आडवी रेघ. पट्टीनं ओढल्यासारखी सरळ. पुढे आकडे: पोचलो, एक दहा. आणि चिठ्ठीच्या तळाला मंडळाची छापील सूचना, जो माथ्यावर उभा राहिला नाही त्याचे नाव राहता कामा नये.

खरं सांगते, आधी मला आनंदच झाला. लाज वाटते, पण झाला. कागदावर एक दहा आणि डॉक्टरच्या वहीत एक वीसला धारेवर एक ठिपका, दोन्ही जुळत होतं! बाबा वर होते. नक्की होते. पहिले होते. मी टेबलावर हात आपटला. “झालं? मिळाला पुरावा? आता बोला!”

चिटणीस चिठ्ठीकडे बघत होता. त्याचा चेहरा धुतलेल्या फडक्यासारखा झाला होता. “माझ्या भावाचं नाव का खोडलंय?” त्यानं विचारलं. मला नाही, बाबांना. “तुम्ही दोघं होतात म्हणालात. बेचाळीस वर्षं म्हणताय. मग हा कुठे होता?”

तेव्हा माझा हात टेबलावरच राहिला.

बाबा म्हणाले, “खाली बसवला होता.”

“कुठे खाली?”

“शेवटच्या चढाच्या पायथ्याला. काट्यांचा पट्टा तुटला त्याचा. चढतानाच तुटला, उतरताना नाही. वर सगळं कडक बर्फ. तो येऊ शकत नव्हता. खडकाच्या आडोशाला बसवला, दोर खडकाला बांधला आणि त्याला दोराला.” बाबा सपाट आवाजात सांगत होते, किराण्याची यादी सांगावी तसं. “तो म्हणाला, तू जाऊन ये. लवकर ये म्हणाला. मी गेलो.”

“आणि?”

“परत आलो तर दोर होता, तो नव्हता. गाठ त्यानं स्वतःच सोडली होती. बसवेना म्हणून एकटाच उतरायला निघाला असणार. थंडी फार होती.”

“मग दोघं का सांगितलंत?” चिटणीसाचा आवाज चिरकला. “सगळे तुम्हाला खोटारडे म्हणत होते. एकटा गेलो म्हणाला असतात तर डॉक्टरनंच तुमच्या बाजूनं साक्ष दिली असती!”

“तुझ्या आईनं दारातच धरलं मला,” बाबा म्हणाले. “माझा मुलगा वर पोचला होता ना, विचारलं. मी हो म्हणालो. तिला एकदा हो म्हटल्यावर बाकीच्यांना काय सांगणार?”

हे ऐकून मागच्या रांगेतली एक बाई डोळे पुसायला लागली. मलाही भरून आलं. वाटलं, माझा बाप केवढा मोठा माणूस! मेलेल्या मित्राच्या आईसाठी स्वतःचं नाव घालवलं, लोकांचे बोल खाल्ले आणि मूग गिळून बसला. मी चिटणीसाकडे अशी बघत होते की त्यानं आता उठून पायच धरायला हवेत.

तो उठला नाही. त्यानं नोंदवही उघडली, नवं पान काढलं आणि पेनाचं टोपण काढलं. “ठीक आहे,” तो म्हणाला. “म्हातारीची पहिली चढाई तुमची. नव्या पुस्तकात तसंच छापू. तुमचं नाव. एकट्याचं. सही करा.”

“माझं एकट्याचं नको,” बाबा म्हणाले. “दोघांचं लिही. नाहीतर काहीच लिहू नको.”

“खोडलं तुम्ही. मी नाही.”

“नको म्हटलं ना.”

“स्वतः सही केली नाही तर घरच्यांनी केली तरी चालते,” चिटणीस म्हणाला आणि वही फिरवून माझ्यासमोर सरकवली. “बाई, बावीस वर्षं हेच मागत होतात. घ्या.”

द्यायचं कसं आणि मारायचं कसं हे त्याच्याकडून शिकावं. मी पेनाला हात लावला नाही. बाबांना दंडाला धरून खिडकीपाशी नेलं. लोक ऐकत असतील तर ऐकू देत, असं झालं होतं मला.

“मला का नाही सांगितलंत?” मी विचारलं. “त्या आजी जाऊनही तीस वर्षं झाली. मला घरात, दार लावून, एकदा तरी सांगायचं होतं. मी पोरगी आहे ना तुमची? मी सगळ्या गावाशी वैर घेतलं. घरी आल्यावर रोज तुम्हाला सांगत होते आज काय लिहिलं, आज कुणाला काय बोलले. तुम्ही ऐकून घ्यायचात. एकदाही म्हणाला नाहीत की थांब.”

“तू भांडत होतीस ते बरं होतं,” बाबा म्हणाले.

“बरं होतं?”

ते खिडकीबाहेर बघत होते. “वर पोचलो का नाही, यावरच सगळे भांडत होते. तू एका बाजूनं, हा दुसऱ्या बाजूनं. त्याला खाली कुठे सोडला, कसा सोडला, हे कुणी विचारतच नव्हतं.”

कुणी कानाखाली वाजवली असती तरी इतकं लागलं नसतं. मला वाटत होतं मी त्यांच्यासाठी लढतेय. मी त्यांच्या दारात राखणीला बसले होते, आणि आत काय आहे ते मलाच माहीत नव्हतं. जो कुणी जवळ येईल त्याच्यावर भुंकत राहायचं, एवढंच माझं काम. आणि त्यांनी मला चहा पाजत, वा वा म्हणत, ते बावीस वर्षं करू दिलं. त्या आजीला हो म्हटलं ते दयेपोटी म्हटलं असेल, मी नाही म्हणत नाही. पण त्या दयेच्या आड ते स्वतः किती छान लपले!

मी टेबलाशी परत गेले आणि पेन उचललं.

“नको,” बाबा मागून म्हणाले.

मी सही केली. पूर्ण नावानं, खाली रेघ ओढून. रागानं केली. हे माझ्या बापाच्या मानासाठी केलं असं मी कुणाला सांगणार नाही. त्यांना नको होतं म्हणून केली.

“झालं,” मी म्हणाले. “छापा आता.”

चिटणीसानं वही आपल्याकडे ओढली आणि चिठ्ठीवरचं एकेक उतरवायला सुरुवात केली. लोक उठायला लागले होते. दातांची डॉक्टर आपलं हत्यार फडक्यानं पुसत होती, माझ्याकडे बघायचं टाळत होती. बाबा खिडकीशीच उभे होते. त्यांना खाली न्यायचं होतं, पण माझे पाय त्यांच्याकडे वळेनात. मी तशीच वहीवर बघत उभी राहिले. तारीख. नाव. पोचलो, एक दहा. त्याचं अक्षर खरंच सुंदर आहे, हे मी एवढ्या वर्षांत पहिल्यांदा पाहिलं.

मग त्याचं पेन थांबलं. त्यानं चष्मा काढला, चिठ्ठी डोळ्यांजवळ नेली, परत चष्मा लावला.

“निघालो,” त्यानं वाचलं. “एक पंचावन्न.”

कुणाच्या लक्षात आलं नाही. माझ्याही आलं नाही लगेच.

“पंचेचाळीस मिनिटं,” तो म्हणाला. तो बाबांकडे वळला, आणि आता त्याच्या आवाजात भांडण नव्हतं. चुकलेला पत्ता विचारावा तसं त्यानं विचारलं. “तो लवकर ये म्हणाला होता. वर पाऊण तास काय करत होतात?”

मला वाटलं, बाबा म्हणतील दम लागला होता. म्हणतील बर्फ घसरत होतं, वारा उठला होता, चक्कर आली. काहीही म्हणाले असते तरी त्यानं मानलं असतं, मीही मानलं असतं. त्या क्षणाला मला ते खोटं फार हवं होतं.

“हवा मोकळी झाली,” बाबा म्हणाले. “ढग गेले. सगळे डोंगर समोर होते. मी बारा वर्षं काढले होते ते, लोकांनी आणलेल्या आकड्यांवरून. एकही पाहिला नव्हता. मी ओळखत बसलो. हा तो, तो तो, याची सोंड मी चुकीची काढलीय.” ते चिटणीसाकडे वळले. “तो आठवलाच नाही मला. पाऊण तास मला त्याची आठवणच झाली नाही.”

चिटणीस खाली बघून बसला होता. सहासष्ट वर्षांचा माणूस, पण त्याची हनुवटी हलत होती ती लहान पोरासारखी. मला वाटलं तो आता ओरडेल, वही फेकेल. मी असते तर फेकली असती.

त्यानं माझ्याकडे बघितलं. “हा रकाना कोरा ठेवला तरी चालतो,” तो हळू म्हणाला. “बऱ्याच नोंदींत कोरा आहे. कुणी विचारत नाही.”

इतक्या वर्षांत तो माझ्याशी पहिल्यांदा माणसासारखा बोलला, आणि तेही माझ्या बापाला वाचवायला. मला ते सोसलं नाही. मी बाबांकडे बघितलं. ते मान खाली घालून उभे होते, इस्त्रीच्या सदऱ्यात, मी नेहमीसारखी मध्ये पडेन म्हणून वाट बघत.

“लिहा,” मी म्हणाले. “एक पंचावन्न.”